उद्याचा मेसेज आज आला तर? टाइम ट्रॅव्हलचा पॅराडॉक्स आणि ०.५ चं उत्तर

समजा तुमच्या फोनमध्ये एक ॲप आहे. रात्री पाठवलेला मेसेज ते त्याच दिवशी सकाळी तुम्हाला दाखवतं. त्यात तुम्ही एकच नियम टाकलाय: सकाळी मेसेज आला, तर रात्री पाठवायचा नाही, आला नाही, तर पाठवायचा. आता सकाळी पनवेल स्टेशनवर लोकलची वाट बघताना तुम्ही फोन उघडता. मेसेज आलेला असेल की नसेल?

आला म्हणावं तर रात्री तो पाठवलाच जाणार नाही, मग आला कुठून? नाही आला म्हणावं तर रात्री पाठवला जाणार, मग सकाळी दिसायला हवा होता. भूतकाळात जाऊन स्वतःच्याच आजोबांना मारण्याचा जो प्रसिद्ध पॅराडॉक्स आहे, तो हाच. फक्त इथे रक्तपात नाही.

यावर रील्समध्ये हमखास एक उत्तर ऐकू येतं: ‘काळ स्वतःला दुरुस्त करतो.’ म्हणजे तुम्ही आजोबांवर बंदूक रोखली की ती जाम होणार, कुणीतरी मध्ये येणार वगैरे. ऐकायला भारी आहे, पण त्यामागचं गणित वेगळंच काहीतरी सांगतं. ते फोनवरच करून बघता येतं.

कॅल्क्युलेटर सायंटिफिक मोडमध्ये घ्या, रेडियन निवडा. १ चा कॉस काढा. जे उत्तर येईल त्याचा पुन्हा कॉस, त्याचा पुन्हा. आधी ०.५४, मग ०.८५, मग ०.६५ असे आकडे वरखाली उड्या मारतात. पंचवीस-तीस वेळा केलं की ०.७३९० वर येऊन थांबतात. १०० पासून सुरुवात करा, तरी तिथेच येतील. या आकड्याचा कॉस म्हणजे तोच आकडा. गणितात याला स्थिर बिंदू म्हणतात.

आता एक्सेल किंवा गूगल शीट्समध्ये ए१ या सेलमध्ये लिहा: १ वजा ए१. लगेच सर्क्युलर रेफरन्सची तक्रार येईल. जबरदस्तीने फिरवत ठेवलं तर १, ०, १, ० असं चालू राहील, कधीच थांबणार नाही. आपला मेसेजचा नियम नेमका हाच आहे. पण थांबत नाही म्हणजे उत्तर नाही असं थोडंच आहे? ए१ = ०.५ ठेवून बघा. १ वजा ०.५ म्हणजे ०.५. बसलं!

रील्सवाल्यांची गल्लत इथे होते. निसर्ग आधी एकदा चुकीचं घडवून मग ते दुरुस्त करत बसत नाही. घटना एकदाच घडते, आणि जी मांडणी स्वतःशी जुळते तीच घडते. रशियन शास्त्रज्ञ इगोर नोविकोव्ह यांच्या नावाने ओळखलं जाणारं सुसंगतीचं तत्त्व हेच सांगतं.

पण अर्धा मेसेज म्हणजे काय? याचं सुंदर उत्तर १९४९ मध्ये जॉन व्हीलर आणि रिचर्ड फाइनमन यांनी दिलं होतं. विजेच्या समीकरणांमध्ये भविष्याकडे जाणाऱ्या लहरींसोबत भूतकाळाकडे जाणाऱ्या लहरीही निघतात. बहुतेक जण त्या सोडून देतात. या दोघांनी दोन्ही अर्ध्या-अर्ध्या ठेवल्या. मग त्यांनी स्वतःलाच अडचणीत टाकलं. संध्याकाळी एका विद्युतभारित कणाला गोळी लागणार आहे. तिचा परिणाम दूरच्या दुसऱ्या कणामार्फत मागे जाऊन पहिला कण सकाळीच हलतो. कण हलला की एक झडप पडते आणि गोळी अडते. म्हणजे लागली तर अडणार, अडली तर लागणार.

त्यांचा तोडगा असा: झडप अर्धवट पडते. गोळी तिला घासून जाते, कणाला हलकाच धक्का बसतो, आणि तेवढा हलका धक्का झडप बरोबर अर्धवट पाडायला पुरतो. शून्य आणि एक यांच्यामध्ये निसर्गात नेहमी काहीतरी असतं, हा त्यातला मुद्दा. आपल्या ॲपमध्येही सिग्नल इतका क्षीण येईल की फोनला मेसेज आला की नाही तेच नीट ठरवता येणार नाही.

मग आपल्याला असे भविष्याचे सिग्नल कधीच का मिळत नाहीत? या प्रश्नावर काम करणाऱ्यांमध्ये एक तरुण कोल्हापूरकर होता: जयंत नारळीकर. फ्रेड हॉयल यांच्यासोबत १९६४ मध्ये त्यांनी मांडलं की विश्वातल्या बाकी सगळ्या कणांचा प्रतिसाद मिळून भूतकाळाकडचा भाग रद्द होतो, आणि तो पूर्ण रद्द होईल की नाही हे विश्व कसं प्रसरण पावतं यावर अवलंबून आहे. म्हणजे पनवेलच्या प्लॅटफॉर्मवर उद्याचा मेसेज न येण्यामागे अख्ख्या विश्वाचा हात! (१९६३ मध्ये कॉर्नेलला काळाच्या स्वरूपावर परिषद झाली, तिथे नारळीकर होते. फाइनमनही होते, पण छापील वृत्तांतात त्यांचं नाव ‘मिस्टर एक्स’ असं आहे.)

नारळीकरांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत मात्र वेगळा रस्ता आहे. तिथे मराठे पानिपत जिंकलेलं एक दुसरंच जग आहे. जगं दोन असली की पॅराडॉक्स उरतच नाही.

एकाच जगात राहायचं तर दुसरी डोकेदुखी आहे. समजा कॅरमची सोंगटी टाइम मशीनच्या एका पॉकेटमध्ये गेली आणि थोडी आधी दुसऱ्या पॉकेटमधून बाहेर येऊन स्वतःलाच धडकली. किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९१ मध्ये बिलियर्डच्या चेंडूवर हे गणित केलं. सुसंगत उत्तर मिळेल का ही धास्ती होती. मिळाली अगणित! सुरुवात तीच, वेग तोच, तरी पुढे काय होणार ते ठरत नाही. मला तरी आजोबांच्या पॅराडॉक्सपेक्षा हा प्रश्न जास्त अस्वस्थ करतो. एकाच इनपुटला दरवेळी वेगळं आउटपुट देणारा प्रोग्राम आपण बगवाला म्हणतो.

२०२० मध्ये क्वीन्सलँड विद्यापीठातला जर्मेन टोबर हा पदवीचा विद्यार्थी आणि फाबिओ कोस्टा यांच्या पेपरवर ‘टाइम ट्रॅव्हल शक्य’ अशा हेडलाइन्स आल्या होत्या. त्यांनी मशीन वगैरे काही बनवलं नव्हतं. काळाच्या अशा वळणात वेगवेगळ्या ठिकाणची माणसं हवं ते करायला मोकळी असली, तरी सगळं जुळेल अशा गणिती रचना असू शकतात, एवढंच त्यांनी दाखवलं. म्हणजे तुमची बंदूक जाम व्हायची गरज नाही. ट्रिगर तुम्ही दाबू शकता. फक्त आजोबा तिथे पोचण्याआधी काय घडून गेलंय, ते त्या ट्रिगरशी आधीच जुळलेलं असेल.