ऊसतोडणी कामगारांचे आरोग्य व कल्याण

साखर कारखान्यांसाठी ऊस तोडणाऱ्या हंगामी मजुरांचे आरोग्य टिकावे म्हणून कामाच्या व मुक्कामाच्या जागी करावयाच्या सोयी, वैद्यकीय सेवा आणि संरक्षक उपाय यांचा या विषयात अंतर्भाव होतो. कामगार निरोगी राहिल्यास त्याचा स्वतःचा लाभ तर होतोच; परंतु उत्पादन अखंड चालणे, अनुभवी मजूर टिकणे व अपघातांमुळे होणारी हानी टळणे असे लाभ मालकासही मिळतात. या तत्त्वावर आधुनिक उद्योगांतील कामगार आरोग्य कार्यक्रम उभे राहिले आहेत. महाराष्ट्रात या तत्त्वाची सर्वांत कठीण कसोटी बीड जिल्ह्यातून स्थलांतर करणाऱ्या ऊसतोडणी कामगारांच्या बाबतीत लागते. कारण त्यांचे कामाचे ठिकाण दर काही दिवसांनी बदलते आणि त्यांचा मालक कोण, याचेच उत्तर निश्चित नसते.

कल्पनेचा विकास : स्कॉटलंडमधील न्यू लॅनार्क येथील सूतगिरणीत रॉबर्ट ओएन याने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी कामगारांची घरे, शिक्षण व कामाचे तास यांत सुधारणा केली आणि तरीही गिरणी नफ्यात चालविली. भारतात जमशेटजी टाटा यांनी नागपूर येथे १८७७ मध्ये सुरू केलेल्या एम्प्रेस मिलमध्ये १८८६ साली निवृत्तिवेतन निधी व १८९५ साली अपघात भरपाई या सोयी उपलब्ध केल्या. स्वातंत्र्योत्तर काळात अशा सोयी मालकाच्या मर्जीवर न राहता कायद्याने बंधनकारक झाल्या. कारखाने अधिनियम, १९४८ अन्वये प्रथमोपचार, उपाहारगृह, विश्रांतिगृह, पाळणाघर व कल्याण अधिकारी यांची तरतूद झाली. त्याच वर्षीच्या कर्मचारी राज्य विमा अधिनियमाने आजारपणातील वेतन व औषधोपचार यांची हमी दिली. मळे कामगार अधिनियम, १९५१ अन्वये चहा, कॉफी, रबर इ. मळ्यांच्या मालकांवर निवास व रुग्णालय यांची जबाबदारी टाकण्यात आली.

१९७० नंतर अमेरिकेतील मोठ्या कंपन्यांनी व्यायाम, आहार, धूम्रपान सोडणे व नियमित तपासणी यांवर भर देणारे कार्यक्रम सुरू केले. अशा कार्यक्रमांवर खर्च केलेल्या प्रत्येक डॉलरमागे वैद्यकीय खर्चात सु. तीन डॉलरची बचत होते, असा निष्कर्ष २०१० मध्ये पूर्वीच्या अभ्यासांच्या संकलनावरून काढण्यात आला. तथापि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या प्रयोगात, कार्यक्रम राबविलेल्या व न राबविलेल्या दुकानांतील कामगारांचे आरोग्य, वैद्यकीय खर्च व गैरहजेरी यांत दीड वर्षानंतरही लक्षणीय फरक आढळला नाही. आधीच्या अभ्यासांत मुळात निरोगी असलेले कामगार अधिक संख्येने सहभागी झाले असावेत, असे यावरून दिसते. केवळ उपदेशाने फारसे साधत नाही. कामाची परिस्थिती बदलावी लागते, हा या अनुभवाचा अर्थ होय. ऊसतोडणीच्या संदर्भात तो विशेष महत्त्वाचा आहे.

बीड जिल्हा व ऊसतोडणी : मराठवाड्यातील बीड जिल्हा पर्जन्यछायेच्या प्रदेशात मोडतो. बालाघाटच्या डोंगररांगांनी व्यापलेल्या पाटोदा, शिरूर कासार, आष्टी, धारूर, वडवणी इ. तालुक्यांत जमीन हलकी असून शेती मुख्यतः पावसावर अवलंबून आहे. १९७२ च्या दुष्काळानंतर या भागातून हंगामी स्थलांतर वाढत गेले. जिल्ह्यात स्वतःचे साखर कारखाने असले, तरी येथील काही लाख मजूर दरवर्षी दिवाळीच्या सुमारास कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, पुणे, अहिल्यानगर हे जिल्हे व कर्नाटक राज्य येथे जातात आणि मार्च-एप्रिलमध्ये परततात.

तोडणीसाठी पतिपत्नीची जोडी हे एक परिमाण मानले जाते व तिला ‘कोयता’ म्हणतात. मुकादम हंगामापूर्वी प्रत्येक कोयत्यास ‘उचल’ म्हणजे आगाऊ रक्कम देतो आणि ती तोडलेल्या उसाच्या टनामागील मजुरीतून फिटते. फिटली नाही, तर बाकी पुढील हंगामावर चढते. जानेवारी २०२४ मध्ये झालेल्या करारानुसार तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ होऊन तो टनास सु. ३६६ रुपये झाला. एका कोयत्याने दिवसाकाठी दोन टन ऊस तोडला, असे धरल्यास या दराने दोघांची मिळून कमाई सु. ७३० रुपये होते. मजुरी कामावर अवलंबून असल्याने आजारपणाच्या दिवशी ती मिळत नाहीच. शिवाय अनेक टोळ्यांत अनुपस्थितीबद्दल ‘खाडा’ म्हणून दंड कापला जातो. आजारी पडणे ही अशा प्रकारे मजुराच्या दृष्टीने आर्थिक आपत्ती ठरते.

कामाचे स्वरूप व आरोग्य : काम पहाटे सुरू होते. वाकून बुडख्यापाशी ऊस तोडणे, पाचट काढणे, वाढे छाटणे, मोळ्या बांधणे आणि त्या डोक्यावरून वाहून फळीवरून वाहनात चढविणे असा क्रम असतो. मालमोटार रात्री आल्यास भरणीही रात्रीच करावी लागते. फडातील काम आटोपल्यावर स्वयंपाक, पाणी व मुले यांचा भार स्त्रियांवर पडतो. मुक्काम शेताजवळ किंवा कारखान्याच्या तळावर प्लॅस्टिकच्या कागदाच्या वा पाचटाच्या कोपीत असतो. तेथे शौचालय व न्हाणीघर बहुधा नसते आणि पिण्याचे पाणीही लांबून आणावे लागते.

या परिस्थितीतून कंबर, मान व गुडघे यांचे दुखणे, कोयत्याच्या जखमा, सर्पदंश, वाहनावरून पडून होणारे अपघात, रक्तक्षय आणि मूत्रमार्गाचे विकार उद्भवतात. लघवीला जाण्याची सोय नसल्याने स्त्रिया पाणी कमी पितात. मासिक पाळीत स्वच्छतेची साधने व आडोसा मिळत नाही. त्यामुळे जंतुसंसर्ग व अंगावर पांढरे जाणे या तक्रारी वाढतात. गरोदर स्त्रिया प्रसूतीच्या दिवसांपर्यंत काम करतात. मूळ गावच्या आरोग्य केंद्रातील नोंद व लसीकरण यांचा धागा स्थलांतरामुळे तुटतो. फेब्रुवारीनंतर उष्णतेचा ताण वाढतो. मध्य अमेरिकेतील ऊसतोडणी कामगारांत मूत्रपिंडाचा जुनाट विकार मोठ्या प्रमाणावर आढळला असून उष्णतेतील अतिश्रम व शरीरातील पाणी कमी होणे ही त्याची प्रमुख कारणे मानली जातात.

गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रिया : आरोग्याच्या या दुर्लक्षाचे सर्वांत गंभीर रूप २०१९ मध्ये उघड झाले. बीड जिल्ह्यातील ऊसतोडणी स्त्रियांमध्ये तरुण वयातच गर्भाशय काढण्याचे प्रमाण असाधारण असल्याची वृत्ते प्रसिद्ध झाल्यावर, जिल्ह्यातील ९९ खाजगी रुग्णालयांत तीन वर्षांत अशा ४,६०५ शस्त्रक्रिया झाल्याची माहिती शासनाने विधिमंडळात दिली. विधान परिषदेच्या तत्कालीन उपसभापती नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली. तिच्या पाहणीत ८२,३०९ ऊसतोडणी स्त्रियांपैकी १३,८६१ स्त्रियांचे, म्हणजे सु. १७ टक्के स्त्रियांचे, गर्भाशय काढलेले आढळले. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार (२०१५-१६) देशात १५ ते ४९ वयोगटातील स्त्रियांत हे प्रमाण सु. ३ टक्के होते. दोन्ही पाहण्यांतील वयोगट तंतोतंत सारखे नसले, तरी तफावत मोठी आहे.

यामागे कारणांची साखळी आहे. औषधाने बरा होणारा संसर्ग उपचाराविना वाढतो. हंगामात दवाखान्यात जाण्यास सवड नसते. गावी परतल्यावर कर्करोगाच्या भीतीने आणि पाळीमुळे बुडणारी मजुरी वाचेल या आशेने शस्त्रक्रिया स्वीकारली जाते. तिचा खर्च बहुधा उचलीतून किंवा कर्जातून भागविला जातो आणि तो फेडण्यासाठी पुन्हा फडात जावे लागते. बीजकोशही काढले असल्यास अकाली रजोनिवृत्ती येऊन हाडे ठिसूळ होणे, थकवा व पाठदुखी हे त्रास सुरू होतात. म्हणजे श्रमशक्ती टिकविण्यासाठी केलेला उपाय श्रमशक्तीच कमी करतो. या घटनेनंतर बीड जिल्ह्यात अशा शस्त्रक्रियेपूर्वी जिल्हा शल्यचिकित्सकाची परवानगी घेण्याची पद्धत सुरू करण्यात आली. अनावश्यक शस्त्रक्रिया रोखण्यासाठी केंद्र शासनाने आखलेली मार्गदर्शक तत्त्वे राज्यांनी तीन महिन्यांत स्वीकारावीत, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये दिला. परवानगीच्या अटीने शस्त्रक्रियेस आळा बसू शकतो. मूळ आजारास मात्र बसत नाही.

जबाबदारीचा प्रश्न : कारखाना तोडणी व वाहतुकीचा करार ठेकेदाराशी करतो, ठेकेदार मुकादमाशी आणि मुकादम मजुराशी. तोडणी-वाहतुकीचा खर्च शेवटी ऊस उत्पादकाच्या देयकातून वजा होतो. यामुळे प्रत्येक घटक जबाबदारी दुसऱ्यावर ढकलू शकतो. कायद्याची छत्रेही या कामगारांवर धरली गेली नाहीत. शेतातील तोडणी कारखाने अधिनियमाच्या कक्षेबाहेर राहिली. कर्मचारी राज्य विमा अधिनियमाने साखरनिर्मितीसारखे हंगामी कारखानेच वगळले. मळे कामगार अधिनियमात उसाचा समावेश नव्हता. आणि आंतरराज्य स्थलांतरित कामगार अधिनियम, १९७९ हा बीडहून कोल्हापुरास जाणाऱ्या मजुरास लागू नव्हता, कारण तो राज्याची सीमा ओलांडत नाही. यांतील अनेक कायद्यांची जागा नोव्हेंबर २०२५ मध्ये अंमलात आलेल्या कामगार संहितांनी घेतली.

राज्य शासनाने २०१९ मध्ये गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने ऊसतोड कामगार कल्याण महामंडळ स्थापण्याचा निर्णय घेतला. त्यासाठी कारखान्यांकडून गाळपाच्या प्रत्येक टनामागे १० रुपये व तितकीच रक्कम शासनाकडून, अशी निधीची योजना करण्यात आली. राज्यात एका हंगामात दहा कोटी टन ऊस गाळला गेल्यास कारखान्यांचा वाटा १०० कोटी रुपये होतो. मुलांच्या शिक्षणासाठी संत भगवानबाबा वसतिगृह योजनेत ४१ तालुक्यांत ८२ वसतिगृहांची तरतूद झाली. मुले गावी राहिल्यास त्यांची शाळा सुटत नाही व फडातील अपघातांपासूनही ती दूर राहतात. या कामगारांच्या स्थितीची मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये स्वतःहून दखल घेतली.

कामगारांचे लाभ : तळावर व फडात करावयाच्या सोयी साध्या आहेत : स्वच्छ पाणी, सावलीतील ठराविक विश्रांती, शौचालय व न्हाणीघर, फिरता दवाखाना, प्रथमोपचार पेटी, पाळणाघर आणि अपघात विमा. स्थलांतरापूर्वी व परतल्यावर तपासणी झाली आणि तिची नोंद कामगाराजवळ राहिली, तर रक्तक्षय, संसर्ग व गरोदरपणातील धोके वेळीच ओळखता येतात. आजारपण व प्रसूतीच्या काळात खाडा न कापण्याची हमी ही यांतील सर्वांत परिणामकारक सोय होय. कारण तिच्यावाचून दवाखाना जवळ असूनही मजूर तेथे जात नाही.

मालकांचे लाभ : तोडलेल्या उसातील साखरेचा अंश तासागणिक घटत जातो. त्यामुळे कारखान्यास ताज्या उसाचा अखंड पुरवठा लागतो. एखादी टोळी आजाराने बसली, तर फड अर्धवट राहतो व वाहने अडकून पडतात. मजूर मध्येच गेल्यास उचलीची रक्कमही बुडते आणि त्यातून तंटे उद्भवतात. तरुण पिढी या कामापासून दूर जात आहे. तोडणीयंत्रे महाग असून लहान व ओल्या शेतांत ती नीट चालत नाहीत. अशा स्थितीत अनुभवी टोळी पुढील वर्षी परत येणे हाच कारखान्याचा मोठा फायदा ठरतो. साखरेचे मोठे खरेदीदारही अलीकडे पुरवठ्यातील श्रमस्थितीची चौकशी करू लागले आहेत.

एल साल्वादोरमध्ये २०१४-१५ च्या हंगामात ऊसतोडणी कामगारांच्या एका गटास पाठीवर वाहून नेता येईल असे पाणी, फिरता मांडव, ठराविक विश्रांती व सुधारित कोयता देण्यात आला. त्यांची उष्णताजन्य लक्षणे कमी झाली आणि विश्रांती वाढूनही माणशी दैनिक तोडणी सु. ५ टनांवरून ७ टनांच्या पुढे गेली. गट लहान होता व वाढीतील काही वाटा कोयत्याचा असणार. तरी विश्रांतीने काम बुडते हा समज या प्रयोगाने खोटा ठरविला. तेथील तोडणीची पद्धत वेगळी असल्याने हे आकडे जसेच्या तसे महाराष्ट्रास लागू होत नाहीत. तत्त्व मात्र लागू होते.

मूल्यमापन : शिबिरे, तपासण्या व आरोग्यशिक्षण यांचे महत्त्व असले, तरी पाणी पीत जा, असे सांगण्यापूर्वी पाणी व शौचालय असावे लागते. ऊसतोडणीतील आरोग्य कार्यक्रमाचे यश किती शिबिरे भरली यावरून नव्हे, तर किती कामगारांची नोंदणी झाली, किती तळांवर सोयी उभ्या राहिल्या आणि आजारपणातील खाडा बंद झाला की नाही, यांवरून मोजावे लागेल. त्याचा खर्च टनामागे काही रुपये इतकाच येतो. तो न केल्यास त्याची किंमत संपूर्णपणे कामगारांना, आणि त्यांतही स्त्रियांना, आपल्या शरीराने चुकवावी लागते, हे बीड जिल्ह्याच्या अनुभवाने दाखवून दिले आहे.