पीएलसी शिकायचंय? आधी स्टॉपचं बटण समजून घ्या

आयटीआय इलेक्ट्रिशियन झालेला माझा एक माजी विद्यार्थी परवा अब्बांना घेऊन घरी आला. "सर, पीएलसीचा कोर्स लावू का? फी बरीच आहे." हा प्रश्न अनेक घरांत असेल, म्हणून त्याला सांगितलं तेच इथे लिहितो.

पीएलसी म्हणजे कारखान्यातली यंत्रं चालवणारा दणकट संगणक. पूर्वी हे काम पॅनलमधले रिले करायचे. यंत्राच्या कामात बदल झाला की वायरिंग नव्याने करावी लागे. १९६८ साली अमेरिकेत जनरल मोटर्सने याला पर्याय मागितला, त्यातून डिक मॉर्ली आणि सहकाऱ्यांचा 'मोडिकॉन ०८४' आला. आता वायरी न हलवता प्रोग्राम बदलला की झालं.

पीएलसी तीन कामं सतत, फार वेगाने करत राहतो: इनपुट वाचणं, प्रोग्राम तपासणं, आउटपुट देणं. त्याची 'लॅडर' भाषा रिलेच्या आकृतीसारखीच दिसते, त्यामुळे इलेक्ट्रिशियनला ती परकी वाटत नाही.

पहिला धडा मोटर चालू-बंद करण्याचा. स्टार्ट दाबून सोडलं तरी मोटर चालू राहते, कारण आउटपुटचाच एक कॉन्टॅक्ट स्टार्टला समांतर जोडलेला असतो. स्टॉपचं बटण मात्र एनसी लावतात, म्हणजे न दाबता सिग्नल चालू, दाबलं की बंद. का? वायर तुटली तरी सिग्नल जातो आणि मोटर थांबते. एनओ लावलं, तर तुटलेली वायर कुणाला कळतच नाही, आणि कुणाचा हात अडकला असताना बटण दाबूनही मोटर फिरतच राहते.

इथेच मुलं अडखळतात. बाहेर बटण एनसी असेल, तर लॅडरमध्ये स्टॉपला एनओचं चिन्ह काढायचं. ते चिन्ह फक्त विचारतं, "सिग्नल आहे का?" बटण दाबलेलं नसताना उत्तर 'हो' असतं. आणि इमर्जन्सी स्टॉप नुसत्या प्रोग्रामवर कधीच सोडायचा नाही, त्याने वायरिंगमधूनच मोटरचा पुरवठा तुटला पाहिजे.

एवढं शिकायला फी लागत नाही. 'कोडेसिस' हे सॉफ्टवेअर मोफत मिळतं आणि त्यात पीएलसी नसतानाही प्रोग्राम चालवून बघता येतो. मी त्याला म्हटलं, "महिनाभर घरी हे कर. मग क्लासमध्ये जा आणि एवढंच विचार, खऱ्या पीएलसीला वायर जोडायला स्वतःच्या हाताने मिळेल का?"

अब्बा म्हणाले, "ते मीच विचारतो, सर."