डॉली मेंढी आणि एका आईचा प्रश्न

रमजानच्या आधीची गोष्ट. आमच्या नात्यातल्या एक भाभी भर दुपारी घरी आल्या. त्यांचा नऊ वर्षांचा मुलगा दीड वर्षापूर्वी चार दिवसांच्या तापाने गेला. चहाला हात न लावता त्यांनी मोबाईल माझ्यापुढे धरला. परदेशातल्या कुणा बाईने आपल्या मेलेल्या कुत्र्याच्या पेशींपासून हुबेहूब दुसरे पिल्लू तयार करून घेतल्याचा तो व्हिडिओ होता. भाभी म्हणाल्या, "आपा, तुम्ही शाळेत शिकवता. खरं सांगा, हे माणसाचं होतं का? त्याचे केस मी डबीत जपून ठेवलेत."

त्या दिवशी मला धड उत्तर देता आले नाही. "अल्लाह सब्र देवो," एवढेच म्हणाले. पण तो प्रश्न मनातून जाईना. मग विज्ञानाची पुस्तके काढली, उलमांचे निर्णय वाचले. जे समजले ते या लेखात मांडते, कारण असा प्रश्न आज कोणत्याही घरात निघू शकतो.

क्लोनिंग म्हणजे काय?

क्लोन हा शब्द नवा वाटला तरी गोष्ट जुनीच आहे. केळीच्या बुंध्याशी आलेला फुटवा काढून दुसरीकडे लावला की त्याच गुणांची केळ येते. उसाची कांडी लावली की तोच ऊस उगवतो. हे क्लोनच. माणसांतली एकसारखी दिसणारी जुळी भावंडेसुद्धा निसर्गाने केलेले क्लोनच असतात, कारण ती एकाच फलित अंड्याचे दोन भाग होऊन जन्मतात.

नवी गोष्ट घडली ती ५ जुलै १९९६ रोजी. स्कॉटलंडमधील एडिनबरोजवळच्या रॉसलिन संस्थेत इयन विल्मट, कीथ कॅम्पबेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी डॉली नावाची मेंढी जन्माला आणली. पांढऱ्या तोंडाच्या एका सहा वर्षांच्या मेंढीच्या कासेतील पेशी त्यांनी घेतली. ती मेंढी तोवर मरून गेली होती, तिच्या पेशी मात्र गोठवून जिवंत ठेवल्या होत्या. मग काळ्या तोंडाच्या दुसऱ्या मेंढीचे अंडे घेऊन त्यातले केंद्रक काढून टाकले. या रिकाम्या अंड्याशी कासेतली पेशी विजेच्या सौम्य झटक्याने जोडली. वाढू लागलेला गर्भ तिसऱ्या, काळ्या तोंडाच्या मेंढीच्या गर्भाशयात ठेवला. सुमारे पाच महिन्यांनी काळ्या तोंडाच्या आईपोटी पांढऱ्या तोंडाचे कोकरू जन्मले!

हे सोपे नव्हते. अशी २७७ अंडी तयार केली. त्यांतून २९ गर्भ हाती आले, ते १३ मेंढ्यांच्या पोटी ठेवले आणि जन्मली एकटी डॉली. पुढे तिने सहा कोकरांना जन्म दिला. तिला सांधेदुखी जडली, फुप्फुसात विषाणूमुळे गाठ झाली आणि १४ फेब्रुवारी २००३ रोजी तिला वेदनारहित मरण द्यावे लागले. तिचा आजार क्लोनिंगमुळेच झाला असे सिद्ध झाले नाही. त्याच मेंढीच्या पेशींपासून नंतर केलेल्या चार मेंढ्या म्हातारपणीही बऱ्यापैकी निरोगी असल्याचे आढळले.

आपल्या देशात आणि मुस्लिम देशांत

हरियाणातील कर्नालच्या राष्ट्रीय डेअरी संशोधन संस्थेत २००९ मध्ये म्हशीचे क्लोन पारडू जन्मले. ते काही दिवसांतच दगावले, पण त्याच वर्षी दुसरे जन्मले. २०२३ मध्ये याच संस्थेत 'गंगा' ही गीर गाईची क्लोन वासरी जन्मली. श्रीनगरच्या शेर-ए-काश्मीर कृषी विद्यापीठात मार्च २०१२ मध्ये पश्मिना बकरीचे क्लोन करडू जन्मले. त्याचे नाव 'नूरी' ठेवण्यात आले. इराणच्या रोयान संस्थेने २००६ मध्ये मेंढी, तर दुबईतील शास्त्रज्ञांनी २००९ मध्ये 'इंजाझ' नावाची उंटीण क्लोनिंगने जन्माला आणली. जास्त दूध देणारी जनावरे टिकवणे, दुर्मीळ जाती वाचवणे, औषधे तयार करणे हे यामागचे हेतू आहेत.

हा निर्मात्याशी मुकाबला आहे का?

आपल्याकडे काही जण घाबरून म्हणतात, "माणूस आता जीव निर्माण करू लागला, ही तर कयामतची निशाणी!" दुसरीकडे काही जण म्हणतात, "पाहा, आता देवाची गरजच उरली नाही." दोन्ही म्हणणी घाईची आहेत. डॉलीसाठी शास्त्रज्ञांनी काय निर्माण केले? पेशी होती, अंडे होते, गर्भाशय होते. त्यांतील जीव आणि वाढण्याचा कायदा आधीपासूनच होता. त्यांनी फक्त त्या कायद्याचा वापर केला. शेतकरी बी पेरतो म्हणून तो बीचा निर्माता ठरत नाही. सगळे मिळूनही एक माशी निर्माण करू शकत नाहीत, हा कुरआनातील दाखला आजही तसाच खरा आहे.

बापाविना जन्म झाला म्हणूनही आपल्या श्रद्धेला धक्का बसत नाही. हजरत ईसा (अ.स.) पित्याविना जन्मले आणि हजरत आदम (अ.स.) यांना तर माता-पिता दोघेही नव्हते, हे आपण लहानपणापासून शिकतो. तेव्हा प्रश्न श्रद्धेचा कमी आणि नीतीचा जास्त आहे.

उलमांचा निर्णय

डॉलीची बातमी फेब्रुवारी १९९७ मध्ये जगाला कळली. त्याच वर्षी जेद्दा येथील आंतरराष्ट्रीय इस्लामी फिकह अकादमीच्या दहाव्या अधिवेशनात यावर चर्चा झाली. डॉक्टर आणि उलमा एकत्र बसले. माणसाचे क्लोनिंग हराम ठरवण्यात आले. पती-पत्नीच्या नात्यात तिसऱ्याचे अंडे, बीज, पेशी किंवा गर्भाशय आणणेही नाकारण्यात आले. मात्र वनस्पती, जंतू आणि प्राणी यांच्याबाबत, शरीअतच्या मर्यादेत राहून लोकांचे हित साधत असेल तर परवानगी देण्यात आली.

यामागचे कारण घरातल्या बायकांना लगेच कळेल. समजा, एखाद्या माणसाच्या पेशीपासून मूल जन्माला आले. ते त्याचा मुलगा की जुळा भाऊ? ज्या बाईचे अंडे वापरले ती आई, की जिने नऊ महिने पोटात वाढवले ती? वारसा कोणाचा मिळणार? महरम कोण, नामहरम कोण? निकाहाच्या वेळी वली कोण? इस्लामने नसब म्हणजे वंशाची ओळख इतकी जपली, ती मुलाला हक्काचे आई-बाप मिळावेत म्हणून. एका प्रयोगासाठी हे सारे विस्कटून कसे चालेल?

दुसरे कारण जीवाच्या किमतीचे. एका मेंढीसाठी २७७ अंडी लागली. माणसाच्या बाबतीत गर्भपात, व्यंगे आणि मृत अर्भके यांचा हिशेब कोण देणार? दक्षिण कोरियातील एका शास्त्रज्ञाने २००४ आणि २००५ मध्ये क्लोन केलेल्या मानवी गर्भापासून मूलपेशी मिळवल्याचा दावा केला. नंतर तो दावा खोटा निघाला. त्यासाठी त्याच्या हाताखाली काम करणाऱ्या स्त्रियांचीही अंडी घेतली गेली होती, हेही उघड झाले. गरजू बाईचे शरीर प्रयोगाचा कच्चा माल व्हायला वेळ लागत नाही, हे यातून शिकायचे.

संयुक्त राष्ट्रांच्या महासभेने २००५ मध्ये मानवी प्रतिष्ठेशी विसंगत असलेल्या मानवी क्लोनिंगविरुद्ध जाहीरनामा काढला. आपल्या देशातील मूलपेशी संशोधनाच्या मार्गदर्शक तत्त्वांतही क्लोनिंगने माणूस जन्माला घालण्यास मनाई आहे. २००२ च्या अखेरीस एका पंथाच्या कंपनीने क्लोन बाळ जन्मल्याचे जाहीर केले, पण पुरावा काहीच दिला नाही. आजपर्यंत असे एकही बाळ सिद्ध झालेले नाही.

भाभींना मी काय सांगितले

ईदनंतर मी स्वतः भाभींच्या घरी गेले. आधी विज्ञानाचे सांगितले. कापलेल्या केसात जिवंत पेशी नसते, त्यामुळे त्या केसांपासून काहीच होणार नाही. मग अमेरिकेतील मांजरीची गोष्ट सांगितली. २००१ मध्ये टेक्सासमध्ये पहिले क्लोन मांजर जन्मले. मूळ मांजरीच्या अंगावर केशरी ठिपके होते. पिल्लाच्या अंगावर केशरी रंगाचा एक केसही नव्हता! जनुके तीच, तरी रूप वेगळे. जुळ्या भावांच्या बोटांचे ठसेही वेगळे असतात.

"म्हणजे तसं बाळ झालं असतं तरी ते दुसरंच असतं," मी म्हणाले. "तुम्ही त्याला पहिल्याच्या नावाने हाक मारली असती. त्याने वरण-भात नाकारला असता तर म्हणाला असतात, त्याला तर आवडायचा. बिचारं आयुष्यभर दुसऱ्याची जागा भरत बसलं असतं."

भाभी बराच वेळ गप्प होत्या. मी त्यांना आठवण करून दिली की प्रेषित मुहम्मद (स.) यांनीही आपले तान्हे बाळ इब्राहीम दफन केले. तेव्हा त्यांच्या डोळ्यांतून अश्रू आले, पण तोंडून तक्रार आली नाही. रडणे सब्रच्या विरुद्ध नाही. आणि आपली मुले संपत नाहीत, ती आपल्या आधी पोहोचतात, हा आपला ईमान आहे.

निघताना भाभींनी मुलाचे दप्तर आणि कंपासपेटी माझ्याकडे दिली. "तुमच्या शाळेत कुणाला गरज असेल त्याला द्या. त्याच्या नावाने सदका होईल." केसांची डबी मात्र त्यांनी कपाटात परत ठेवली. मीही काही बोलले नाही. आईने एवढे जपून ठेवायला कोणत्याही मुफ्तीची परवानगी लागत नसावी.