बँक लोकपालांकडे तक्रार केली, पण तुमची बाजू ऐकली जाते का? सुनावणीचा हक्क समजून घ्या

समजा, तुमच्या खात्यातून ४० हजार रुपये परस्पर गेले. बँक म्हणते, 'ओटीपी तुमच्याच मोबाइलवर आला होता, आमची चूक नाही.' तुम्ही रिझर्व्ह बँकेच्या लोकपालांकडे तक्रार करता. आता तिथे तुमचं म्हणणं कोण ऐकणार? कोर्टासारखी तारीख मिळते का? रिझर्व्ह बँकेच्या २०२१ च्या एकात्मिक लोकपाल योजनेत याची उत्तरं आहेत.

सुनावणी म्हणजे समोरासमोर बोलावणं का?

दर वेळी नाही. लोकपालांकडचं काम संक्षिप्त पद्धतीने आणि बहुतेक कागदांवर चालतं. पुराव्याचे कोर्टातले नियम इथे बंधनकारक नसतात. लोकपाल कोणत्याही पक्षाचा जबाब घेऊ शकतात किंवा समेटासाठी तुमची आणि बँक अधिकाऱ्यांची बैठक लावू शकतात. मात्र समेट झाला नाही आणि निवाडा द्यायची वेळ आली, तर दोन्ही बाजूंना म्हणणं मांडण्याची वाजवी संधी द्यावीच लागते. निवाड्यात कारणंही नमूद करावी लागतात.

बँकेने काय उत्तर दिलं, हे मला कळायला हवं का?

हो, आणि हाच सर्वांत महत्त्वाचा मुद्दा आहे. बँकेला १५ दिवसांत लेखी म्हणणं द्यावं लागतं. त्यातला तक्रारीशी संबंधित भाग आणि कागदपत्रं तुमच्यापर्यंत पोहोचतील, हे लोकपालांनी पाहायचं असतं. ते मिळालं नसेल, तर लेखी मागा. मिळालं, की एकेका मुद्द्याला उत्तर द्या. तुमची खरी सुनावणी इथेच होते.

बँकेने मुदतीत उत्तरच दिलं नाही, तर लोकपाल उपलब्ध कागदांवर एकतर्फी निवाडा देऊ शकतात. अशा निवाड्यावर बँकेला अपील करता येत नाही.

उत्तरात काय लिहायचं?

ऑनलाइन फसवणुकीत ग्राहकाची जबाबदारी होती, हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर आहे. रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक तसं सांगतं. चूक तुमची किंवा बँकेची नसून तिसऱ्याची असेल आणि तुम्ही ३ कामकाजाच्या दिवसांत कळवलं असेल, तर तुमची जबाबदारी शून्य. म्हणून कधी कळवलं त्याची वेळ, तक्रार क्रमांक, एसएमएस आणि स्टेटमेंट सोबत जोडा.

वकील लागतो का?

नाही. शुल्कही नाही. उलट, वकिलामार्फत केलेली तक्रार स्वीकारली जात नाही. वकील नसलेला अधिकृत प्रतिनिधी चालतो. आईवडिलांसाठी मुलगा किंवा मुलगी हे काम करू शकते.

तक्रार बंद झाली, तर अपील आहे का?

इथे अनेकांची फसगत होते. लोकपालांचा निवाडा मान्य नसेल, तर ३० दिवसांत अपील करता येतं. पण तक्रार योजनेत बसत नाही किंवा सेवेत त्रुटी आढळली नाही, या कारणाने बंद झाली, तर योजनेत अपीलच नाही. मग ग्राहक आयोग किंवा न्यायालय हाच मार्ग उरतो. म्हणूनच सगळे पुरावे पहिल्याच फेरीत द्या, 'पुढे बघू' म्हणून मागे ठेवू नका.

तक्रार करण्यापूर्वी हे तपासा

• आधी बँकेकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तरच लोकपालांकडे जा.

• बँकेचं उत्तर आल्यापासून १ वर्षाच्या आत तक्रार करा.

• तोच वाद कोर्टात सुरू असेल, तर तक्रार चालत नाही. नुसत्या पोलिस तक्रारीची मात्र अडचण नाही.

• ५० कोटी किंवा त्याहून अधिक ठेवी असलेल्या नागरी सहकारी बँका योजनेत येतात. पतसंस्था येत नाहीत, त्यांची तक्रार सहकार खात्याकडे करावी लागते.

• तक्रार रिझर्व्ह बँकेच्या सीएमएस पोर्टलवर करता येते. माहितीसाठी १४४४८ वर फोन करा.

निकाल तुमच्या बाजूने लागला, तर?

लोकपाल नुकसानभरपाई म्हणून २० लाख रुपयांपर्यंत आणि मनस्तापासाठी आणखी १ लाखापर्यंत रक्कम देऊ शकतात. पण निवाड्याची प्रत मिळाल्यापासून ३० दिवसांत तुमची लेखी संमती बँकेला पोहोचली नाही, तर निवाडा रद्द होतो. त्यामुळे मेल उघडून पाहत राहा, स्पॅम फोल्डरसुद्धा.