एक जुलै : योगायोग किती, सोय किती?

एक जुलै उजाडला की मंगरूळपीरकरांच्या मोबाइलवर दिनविशेषांची रांग लागते. वाशीम जिल्ह्याचा वर्धापनदिन, वसंतराव नाईकांची जयंती, कृषिदिन, डॉक्टर्स डे, स्टेट बँकेचा स्थापनादिन आणि वर ओळखीतल्या पाच-सात जणांचे वाढदिवस. इतकं सगळं एकाच दिवशी आलं म्हटल्यावर ‘या तारखेतच काहीतरी आहे’ असं कुणीतरी म्हणतोच. तारखेत काही नाही. असलंच तर ते बरंचसं कारकुनाच्या सोयीत आहे.

आधी जिल्ह्याचं बघू. १ जुलै १९९८ रोजी वाशीम अकोल्यातून वेगळा झाला आणि मंगरूळपीर तालुका त्याच्याबरोबर गेला. हा जिल्हा त्या दिवशी पहिल्यांदाच जन्मला, असा समज सर्रास आढळतो. प्रत्यक्षात इंग्रजी अमलात वऱ्हाडात वाशीम नावाचा जिल्हा होताच. वाशीम, मंगरूळ आणि पुसद हे त्याचे तीन तालुके. १९०५ साली तो मोडला. वाशीम आणि मंगरूळ अकोल्याला जोडले गेले, पुसद यवतमाळला. त्यामुळे १९९८ साली झालं ते बारसं नव्हे. गेलेलं मुख्यालय ९३ वर्षांनी परत आलं, इतकंच. शिवाय त्या दिवसाचा मान एकट्या वाशीमचा नाही. त्याच दिवशी धुळ्यातून नंदुरबारही निघाला. नवे जिल्हे बरेचदा असे ठरवून मुहूर्तावर निघतात : सिंधुदुर्ग आणि जालना १ मे १९८१ ला, हिंगोली आणि गोंदिया १ मे १९९९ ला, पालघर १ ऑगस्ट २०१४ ला. महिन्याची पहिली तारीख धरली की पगारपत्रकं आणि दप्तर यांची वाटणी सोपी जाते.

वसंतरावांचा जन्म मात्र खराखुरा योगायोग. १ जुलै १९१३, गाव गहुली, तालुका पुसद. हाच पुसद आठ वर्षं आधीपर्यंत मंगरूळच्याच जिल्ह्यात होता! १९६३ ते १९७५ असं सलग मुख्यमंत्रिपद भूषवलेल्या नाईकांच्या जयंतीला राज्य कृषिदिन पाळतं. तो देशभर असतो असं अनेकांना वाटतं, पण देशाचा किसान दिन २३ डिसेंबरला, चौधरी चरणसिंगांच्या जयंतीला. डॉक्टर्स डेचंही तसंच होतं. तो जगभरचा समजला जातो आणि आहे भारतापुरता. अमेरिकेत तो ३० मार्चला असतो. पश्चिम बंगालचे मुख्यमंत्री डॉ. बिधनचंद्र रॉय १ जुलै १८८२ ला जन्मले आणि १ जुलै १९६२ लाच वारले, म्हणून आपल्याकडे ही तारीख. स्टेट बँकेचं म्हणाल तर १९५५ साली इंपीरियल बँकेचं रूपांतर झालं. मुळं पार १८०६ च्या बँक ऑफ कलकत्तापर्यंत जातात. जीएसटी (२०१७) आणि नवे फौजदारी कायदे (२०२४) यांची एक जुलै तर सरळ सरकारने नेमलेली.

काही गोष्टी या तारखेला फक्त पाहुण्या म्हणून येतात. २०२० मध्ये आषाढी एकादशी १ जुलैला होती, ते करोनाचं वर्ष, पादुका एसटीने पंढरपूरला गेल्या. पुढच्या वर्षी तीच आषाढी २० जुलैला. पिरांचे उरूस हिजरी महिन्यांवर चालतात, त्यामुळे ते दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतात. ज्या गावाच्या नावातच पीर आहे, त्याला हे वेगळं सांगायला नको.

राहिले वाढदिवस. चाळीस मुलांच्या वर्गात कुणातरी दोघांची जन्मतारीख एक असण्याची शक्यता सुमारे ८९ टक्के असते, तेव्हा जोडी जुळली तर त्यात नवल नाही. २०११ च्या जनगणनेत वाशीम जिल्ह्याची लोकसंख्या ११,९७,१६० होती. वर्षभरात सारखी वाटली तर एका तारखेच्या वाट्याला ३,२८० च्या आसपास माणसं येतात. जुन्या पिढीत १ जून आणि १ जुलै या तारखा ज्या संख्येने भेटतात, त्याचा खुलासा मात्र या हिशेबाने होत नाही. तो शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरात सापडतो. शाळा उघडायची, बाप पोराला घेऊन यायचा, ‘मोठ्या दुष्काळात झाला’ म्हणायचा, आणि गुरुजी वय अंदाजून शाळेच्या हंगामातली तारीख लिहून टाकायचे.

यावरून ‘तेव्हा जन्माची नोंदच नसे’ असा निष्कर्ष काढतात, तोही चुकीचा. गावोगावच्या कोतवाल बुकात जन्म-मृत्यू चढत होते. फक्त नोंद लगेच व्हायची आणि नाव नंतर ठेवलं जायचं, म्हणून पुष्कळदा तिथे ‘अमक्यास मुलगा झाला’ एवढंच असतं. आज जात पडताळणीसाठी तहसिलीतून कोतवाल बुकाची नक्कल काढली की आजोबांचा खरा जन्म कधी थंडीतला निघतो, तर कधी शाळेतल्या वयाहून वर्षा-दोन वर्षांनी जुना.

या अंदाजी तारखेने पैशाचं नुकसानही केलं. नियमाप्रमाणे महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला कर्मचारी आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो. एक जुलैवाला ३० जूनला घरी. सहाव्या वेतन आयोगाने वेतनवाढीची तारीख सगळ्यांना १ जुलै केली आणि वर्षभर राबलेल्या माणसाची वाढ एका रात्रीने हुकू लागली. ‘हुकली ती गेली’ असं कार्यालयांत सांगत. सर्वोच्च न्यायालयाने ११ एप्रिल २०२३ ला कर्नाटकातल्या वीज पारेषण कंपनीच्या प्रकरणात ते खोडलं : वाढ ही झालेल्या वर्षभराच्या सेवेबद्दल असते, म्हणून ती द्यावीच लागेल. जे स्वतः कोर्टात गेले नव्हते, त्यांना या वाढीसह निवृत्तिवेतन १ मे २०२३ पासून धरायचं ठरलं. तीही महिन्याची पहिलीच तारीख.