हरण्याची सवय लागते का?

न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात १९८४ मध्ये दाखल होऊन १९८८ मध्ये पदवी घेतलेल्या विद्यार्थ्याला आपल्या विद्यापीठाचा फुटबॉल संघ जिंकताना एकदाही पाहायला मिळाला नाही. चार हंगाम, ३९ सामने आणि ३९ पराभव. त्याआधीचे दोन आणि नंतरचे तीन धरले, तर सलग पराभवांची संख्या होते ४४. नॉर्थवेस्टर्न विद्यापीठाचा ३४ पराभवांचा नकोसा विक्रम या संघाने १९८७ मध्येच मागे टाकला होता.

हा फुटबॉल म्हणजे आपल्याकडचा पायाने खेळायचा खेळ नव्हे. अंडाकृती चेंडू हातात धरून, अंगावर येणाऱ्यांच्या धडका झेलत पुढे सरकायचे, असा हा अमेरिकी खेळ. हंगामात जेमतेम दहा सामने आणि तेही बहुधा आठवड्याला एक. म्हणजे शनिवारी हरल्यावर पुढची संधी मिळेपर्यंत तो पराभव सोबत घेऊनच वर्गात, खानावळीत आणि वसतिगृहात वावरायचे. कोलंबिया ज्या ‘आयव्ही लीग’ गटात खेळते, तिथे खेळासाठी शिष्यवृत्तीही दिली जात नाही. त्यामुळे संघ सोडला म्हणून कुणाची फी थकणार नव्हती. तरीही दरवर्षी मुले मैदानात उतरत राहिली.

१९८५ च्या हंगामातील पहिला सामना हार्वर्डविरुद्ध होता. कोलंबियाने १७-० अशी आघाडी घेतली. नंतर हार्वर्डने ओळीने ४९ गुण केले. सामन्यानंतर प्रशिक्षकांनी आपल्याच खेळाडूंना नशेबाजांच्या पंक्तीला बसवले. या मुलांना हरण्याचे व्यसन लागले आहे, असा त्यांचा सूर होता. त्या हंगामातले दहाही सामने संघ हरला आणि प्रशिक्षकही गेले. पण त्यांनी उपस्थित केलेला प्रश्न राहतोच. हरण्याची सवय खरोखर लागते का?

पराभवाचा परिणाम शरीरावर होतो, हे खरे आहे. स्पर्धेनंतर जिंकणाऱ्याच्या तुलनेत हरणाऱ्याच्या शरीरातील टेस्टोस्टेरॉनची पातळी सरासरीने कमी आढळते, असे बऱ्याच अभ्यासांत दिसले आहे. मात्र हा फरक माणसागणिक बदलतो. १९९४ च्या विश्वचषकातील ब्राझील-इटली अंतिम सामना पाहणाऱ्या चाहत्यांच्या लाळेची तपासणी झाली, तेव्हा ब्राझीलच्या पाठीराख्यांमध्ये हे संप्रेरक वाढलेले आणि इटलीच्या पाठीराख्यांमध्ये घटलेले आढळले. हे सगळे तर नुसते बघे होते!

सभोवतालचे लोकही बदलतात. मानसशास्त्रज्ञ रॉबर्ट चाल्दिनी आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेतील सात विद्यापीठांत केलेली पाहणी १९७६ मध्ये प्रसिद्ध झाली. फुटबॉल संघ शनिवारी जिंकला असेल, तर सोमवारी विद्यापीठाचे नाव वा बोधचिन्ह असलेले कपडे घालून येणारे विद्यार्थी जास्त दिसत. सामन्याविषयी विचारले, की विजयानंतर ‘आपण जिंकलो’ म्हणणारे पराभवानंतर ‘ते हरले’ म्हणण्याकडे झुकत. खेळाडूला आधाराची सर्वाधिक गरज असते, नेमके तेव्हाच ‘आपण’चे ‘ते’ होते.

मात्र माणसाचे अवसान गळते ते निव्वळ हरण्याने नव्हे. मार्टिन सेलिगमन आणि स्टीव्हन मायर यांनी १९६७ मध्ये पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात कुत्र्यांवर केलेले प्रयोग इथे उपयोगी पडतात. काही कुत्र्यांना विजेचे धक्के स्वतः थांबवता येत होते. काहींना काहीही केले तरी थांबवता येत नव्हते. नंतर दोन्ही गटांना अशा पेटीत ठेवले, जिथे छोटा अडसर ओलांडला की सुटका होई. पहिल्या गटाने ते चटकन आत्मसात केले. दुसऱ्या गटातील बहुतेक कुत्री मात्र निमूटपणे धक्के सोसत राहिली. याला ‘शिकलेली असहायता’ म्हटले गेले. आज असे प्रयोग क्रूर वाटतात. पण धक्का सारखाच असूनही फरक पडला तो ‘आपल्या हातात काही आहे की नाही’ यामुळे, हे त्यातून कळले.

पन्नास वर्षांनी, २०१६ मध्ये, याच दोघांनी मेंदूविज्ञानातील नव्या पुराव्यांच्या आधारे आपला सिद्धान्त उलटा केला. दीर्घकाळ त्रास झाला की हातपाय गाळणे ही मेंदूची मूळ प्रतिक्रियाच आहे. ती शिकावी लागत नाही. शिकावे लागते ते नियंत्रण. आपल्या कृतीने फरक पडतो, हे कपाळामागील मेंदूच्या भागाला उमगले, की तो खालच्या मेंदूखोडातील सेरोटोनिन पेशींना शांत करतो आणि निष्क्रियता ओसरते. असा अनुभव आधी मिळाला असेल, तर पुढच्या आघातात तो ढालीसारखा उपयोगी पडतो.

म्हणूनच हरणाऱ्या संघाला ‘जिंकायचेच’ असे बजावून फारसे साधत नाही. निकाल प्रतिस्पर्ध्यावरही अवलंबून असतो. क्रीडा मानसशास्त्रज्ञ भर देतात तो स्वतःच्या हातातल्या उद्दिष्टांवर. या खेळाची रचनाच तशी आहे: चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे जायचे, मग पुढचे दहा. गुणफलक काहीही सांगो, ते दहा यार्ड मिळाले की नाही, हे खेळाडूला लगेच कळते.

८ ऑक्टोबर १९८८ रोजी कोलंबियाने प्रिन्स्टनला १६-१३ असे हरवले आणि मालिका तुटली. तो संघ काही एका दिवसात बलाढ्य झाला नव्हता. त्या हंगामात दहापैकी दोनच सामने त्याने जिंकले. पण सलग हरणे म्हणजे कायमचे हरणे नव्हे, एवढे सिद्ध झाले.

शाळा-कॉलेजच्या संघात खेळणाऱ्या मुलांचे पालक आणि क्रीडाशिक्षक यांनी यातून दोन गोष्टी घ्याव्यात. हरल्यावर ‘किती गुणांनी?’ याआधी ‘मागच्या वेळेपेक्षा काय बरे जमले?’ हे विचारावे आणि उत्तर नेमके मागावे. खोटे कौतुक मुलांना लगेच ओळखू येते. दुसरे म्हणजे, पराभवानंतर दोन-चार दिवस मूल गप्प राहणे स्वाभाविक आहे. पण झोप आणि भूक बिघडणे, सराव टाळणे, मित्रांपासून तुटणे, अभ्यासातूनही मन उडणे असे दोन आठवड्यांहून अधिक चालले, तर डॉक्टर किंवा समुपदेशकाकडे न्यावे. स्वतःला इजा करण्याची भाषा असेल, तर एक दिवसही थांबू नये. केंद्र सरकारच्या ‘टेलि-मानस’ सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर चोवीस तास मोफत सल्ला मिळतो.