दूध-भाकर, उंदीर आणि मांजरीचा मेंदू

मराठवाड्यातील खेड्यात पाळलेल्या मांजरीचे पोट दोन ठिकाणांहून भरते. सकाळ-संध्याकाळ वाटीत कुस्करून दिलेली दूध-भाकर हा त्या आहाराचा सर्वांना दिसणारा भाग असतो, तर कणगीखाली, कडब्याच्या गंजीत किंवा शेताच्या बांधावर मांजर स्वतः मारून खाते तो उंदीर हा बहुधा कोणाच्या लक्षात न येणारा भाग असतो. बीड शहराच्या दक्षिणेला, धुळे-सोलापूर महामार्गावर, बिंदुसरा प्रकल्पाजवळ वसलेल्या पालीसारख्या गावात उंदरांपासून धान्य राखण्यासाठी मांजर ठेवली जाते आणि ती याच दुहेरी आहारावर जगते. त्यामुळे दूध-भाकरीवर मांजर चांगली पोसते, असा समज दृढ होणे स्वाभाविक आहे. आहारशास्त्राच्या दृष्टीने पाहिले, तर भाकरीतून मांजरीला ऊर्जा आणि दुधातून थोडी प्रथिने मिळतात. परंतु मेंदू, डोळे आणि हृदय यांना अत्यावश्यक असलेले टॉरिन हे द्रव्य तिला जवळजवळ सर्वस्वी उंदरातूनच मिळत असते. शिकार थांबली आणि वाटी तीच राहिली, तर नेमका हाच घटक आहारातून नाहीसा होतो, आणि त्याचे परिणाम दिसू लागेपर्यंत अनेक महिने उलटलेले असतात.

टॉरिन म्हणजे काय?

टॉरिन हे गंधकयुक्त अमिनो आम्ल असून जर्मन शास्त्रज्ञ फ्रीड्रिख टीडेमान आणि लेओपोल्ड ग्मेलिन यांनी १८२७ मध्ये ते बैलाच्या पित्तातून प्रथम वेगळे केले. प्रथिनांची साखळी ज्या अमिनो आम्लांनी बनते, त्यांच्यात टॉरिनचा समावेश होत नाही. ते पेशींच्या आतील द्रवात मोकळे राहते, आणि मेंदू, दृष्टिपटल, हृदय व स्नायू यांत त्याचे प्रमाण विशेष जास्त असते. वनस्पतींत ते जवळपास आढळत नाही, त्यामुळे ज्वारी, बाजरी, गहू, डाळी किंवा भाजीपाला यांतून मांजरीला ते मिळण्याची शक्यता नसते.

माणूस, कुत्रा आणि इतर अनेक सस्तन प्राणी मेथिओनिन व सिस्टीन या दोन गंधकयुक्त अमिनो आम्लांपासून आपल्या यकृतात टॉरिन तयार करू शकतात. हे रूपांतर घडवणारी विकरे, म्हणजे शरीरातील रासायनिक क्रियांना गती देणारी प्रथिने, मांजरीच्या यकृतात इतकी कमी सक्रिय असतात की तयार होणारे टॉरिन तिच्या गरजेला पुरत नाही. शिवाय चरबीच्या पचनासाठी लागणारी पित्ताम्ले ज्या घटकाशी जोडावी लागतात, तो घटक म्हणून अनेक प्राणी प्रसंगी ग्लायसिन वापरू शकतात, परंतु मांजर टॉरिनवाचून दुसरे काहीही वापरू शकत नाही. पित्तातून आतड्यात उतरलेल्या टॉरिनपैकी काही पुन्हा शोषले जाते, काही आतड्यातील जिवाणू फस्त करतात आणि काही विष्ठेवाटे निघून जाते. त्यामुळे मांजरीच्या शरीरातील टॉरिनचा साठा हा गळक्या रांजणासारखा असून तो रोज भरावा लागतो. लक्षावधी वर्षे केवळ मांसावर जगलेल्या या प्राण्याला टॉरिन आयते मिळत गेले आणि ते स्वतः बनवण्याची क्षमता क्षीण राहिली, असे या वैशिष्ट्याचे स्पष्टीकरण दिले जाते.

चेतापेशींतील कार्य

चेतापेशी, म्हणजे विद्युत-रासायनिक संदेश वाहून नेणाऱ्या पेशी, सतत उत्तेजित राहिल्या तर थकतात आणि अखेर मरतातही. म्हणून मेंदूत उत्तेजना वाढवणाऱ्या द्रव्यांइतकेच ती आवरणाऱ्या द्रव्यांनाही महत्त्व असते. टॉरिन हे आवरणाऱ्या द्रव्यांच्या गटात मोडते, कारण गॅबा आणि ग्लायसिन या दोन शामक संदेशवाहकांसाठी असलेल्या ग्राहींवर, म्हणजे संदेश स्वीकारणाऱ्या प्रथिनांवर, ते कार्य करते आणि पेशीची उत्तेजना मर्यादेत ठेवते. याशिवाय पेशीत पाण्याचे प्रमाण वाढले की टॉरिन बाहेर सोडून पेशी आपले आकारमान पूर्ववत करते, पेशीतील कॅल्शियमची ये-जा नियंत्रित ठेवण्यास त्याची मदत होते, आणि पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या मायटोकॉन्ड्रिया या घटकांत प्रथिने बिनचूक तयार व्हावीत यासाठीही ते लागते.

दृष्टिपटल हा रचनेने मेंदूचाच बाहेर आलेला भाग असल्याने चेतासंस्थेवरील टॉरिनचा परिणाम तेथे सर्वांत स्पष्ट दिसतो. प्रकाश टिपणाऱ्या पेशींमध्ये टॉरिनचे प्रमाण फार मोठे असते; ते घटले की या पेशींतील थरांची रचना विस्कटते. मांजरीमध्ये हा ऱ्हास दृष्टिपटलाच्या मध्याजवळ, जेथे नजर सर्वांत तीक्ष्ण असते तेथे, लंबवर्तुळाकार डागाच्या रूपाने सुरू होतो. आधी रंग व तपशील टिपणाऱ्या शंकू पेशी आणि मागोमाग मंद प्रकाशात काम करणाऱ्या दंड पेशी नष्ट होत जातात. मांजर अंधारात मिशांच्या, कानांच्या आणि ओळखीच्या वाटांच्या आधारे वावरते, त्यामुळे नजर बरीचशी गेली तरी घरच्यांना संशय येत नाही, आणि एखाद्या दिवशी हलवलेल्या बाजेवर ती आदळते तेव्हा दृष्टिपटलाची भरून न येणारी हानी झालेली असते.

दुधाच्या प्रथिनाने दाखवलेला धडा

टॉरिन आणि मांजरीची दृष्टी यांचा संबंध १९७५ मध्ये के. सी. हेज आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'सायन्स' या नियतकालिकात मांडला. त्या प्रयोगातील मांजरींना प्रथिनाचा स्रोत म्हणून केसिन, म्हणजे दुधातले मुख्य प्रथिन, देण्यात आले होते. त्यांच्या रक्तातील व दृष्टिपटलातील टॉरिन घटत गेले आणि दृष्टिपटलाचा ऱ्हास झाला. दुधावर पोसल्या जाणाऱ्या मांजरीच्या दृष्टीने हा निष्कर्ष विशेष बोलका आहे, कारण गाई-म्हशीच्या दुधात टॉरिनचे प्रमाण नगण्य असते, तर मांजरीच्या स्वतःच्या दुधात ते भरपूर असते. गाईच्या दुधाची हीच उणीव मानवी बाळांच्या बाबतीतही लक्षात घेतली गेली आणि १९८४ पासून अमेरिकेत बाळांच्या दूधपावडरीत टॉरिन मिसळण्यास सुरुवात झाली.

यानंतर १९८७ मध्ये कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील पशुवैद्यक पॉल पायन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, हृदयाचे स्नायू सैल पडून हृदय फुगण्याचा मांजरींतील एक जीवघेणा आजार टॉरिनच्या अभावाशी निगडित असल्याचे आणि टॉरिन दिल्यावर तो बरा होऊ शकत असल्याचे दाखवून दिले. या मांजरींपैकी अनेक तयार खाद्यावर वाढलेल्या होत्या आणि त्या खाद्यात तत्कालीन शिफारशीएवढे टॉरिन होतेही; मात्र खाद्यावरील उष्णतेच्या प्रक्रियेमुळे आतड्यात टॉरिनचा नाश वाढतो, हे तोवर पुरेसे ध्यानात आले नव्हते. पुढे उत्पादकांनी टॉरिनचे प्रमाण वाढवले आणि हा आजार विरळ झाला. आज अमेरिकेतील प्रचलित मानकांनुसार कोरड्या खाद्यात किमान ०.१ टक्के आणि डबाबंद ओल्या खाद्यात, पाण्याचा अंश वगळून, किमान ०.२ टक्के टॉरिन असावे लागते. या संशोधनातून हृदयाबद्दल आशादायक आणि डोळ्याबद्दल निराशाजनक असे दोन निष्कर्ष हाती आले: वेळेत टॉरिन मिळाल्यास हृदय सावरू शकते, दृष्टिपटलातील मेलेल्या पेशी मात्र परत येत नाहीत.

गर्भातील आणि जन्मानंतरचा मेंदू

टॉरिनच्या अभावाची सर्वांत मोठी किंमत पिल्ले मोजतात. न्यू यॉर्कमधील संशोधक जॉन स्टर्मन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८० च्या दशकात टॉरिन नसलेल्या आहारावरील माद्यांचा अभ्यास केला, तेव्हा त्यांच्यात गर्भ जिरून जाणे, गर्भपात होणे आणि मेलेली किंवा कमी वजनाची पिल्ले जन्मणे हे प्रकार वारंवार आढळले. जी पिल्ले जगली, त्यांतील अनेकांचे मागचे पाय नीट वाढले नव्हते, पाठीच्या कण्याला बाक आला होता आणि चाल बिघडलेली होती.

या बिघडलेल्या चालीचे मूळ अनुमस्तिष्कात, म्हणजे तोल आणि हालचालींचा मेळ सांभाळणाऱ्या मेंदूच्या मागील भागात, शोधता येते. मांजरीचे पिल्लू जन्मते तेव्हा हा भाग अपुरा असतो. त्याच्या पृष्ठभागाजवळ कणपेशी नावाच्या लहान चेतापेशींचा थर असतो, आणि जन्मानंतरच्या आठवड्यांत या पेशी आधारपेशींच्या धाग्यांवरून आत सरकत जाऊन आपापल्या जागी बसतात, तेव्हा बाहेरचा थर नाहीसा होतो. टॉरिनविना वाढलेल्या मातांच्या पिल्लांत जन्मानंतर आठ आठवड्यांनीही हा बाहेरचा थर शिल्लक असल्याचे स्टर्मन यांच्या गटाने १९८५ मध्ये नोंदवले. म्हणजे पेशी तयार झाल्या होत्या, परंतु त्यांचे स्थलांतर रखडले होते. दृष्टीशी संबंधित मेंदूच्या बाह्यकातही अशीच विस्कळीत मांडणी दिसून आली.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. लडखडत चालणारे प्रत्येक पिल्लू टॉरिनच्या अभावाचा बळी असते, असे मानणे चुकीचे ठरेल, कारण मांजरीला गाभणपणी पॅनल्यूकोपेनिया या रोगाच्या विषाणूची बाधा झाल्यानेही पिल्लांचे अनुमस्तिष्क खुरटते आणि लक्षणे वरकरणी सारखीच दिसतात. त्याचप्रमाणे टॉरिन हे फिट किंवा लुळेपणा बरा करणारे टॉनिकही नव्हे. ते आहारातील आवश्यक घटक असल्याने त्याचा तुटवडा भरून काढल्याचा लाभ होतो, पुरेसे मिळत असताना वरून देण्याने मेंदू अधिक तल्लख होत नाही.

शिकार थांबते तेव्हा

प्रौढ मांजरीला दिवसाला मिलिग्रॅममध्ये मोजण्याइतके अल्प टॉरिन लागते आणि दिवसाकाठी एक-दोन लहान उंदीर खाल्ले तर ही गरज भागते, उलट वाटीभर दुधातून तिला त्याचा क्षुल्लक अंश मिळतो. घरात कणगीच्या जागी पत्र्याची कोठी आली, कुडाच्या भिंतींच्या जागी सिमेंट आले, उंदरांसाठी विषारी औषध ठेवले जाऊ लागले, तर उंदीर कमी होतात ही समाधानाची गोष्ट असली तरी मांजरीच्या ताटातला मुख्य पदार्थही त्यांच्याबरोबर कमी होतो. विष खाल्लेला उंदीर खाऊन मांजर दगावण्याचा धोका वेगळाच. बीडसारख्या शहरातील सदनिकेत दाराआड वाढणाऱ्या मांजरीला तर शिकारीची संधीच नसते, त्यामुळे तिचे संपूर्ण पोषण वाटीवर अवलंबून राहते. पोट भरलेले आणि अंग गुबगुबीत दिसत असले तरी ती टॉरिनच्या दृष्टीने उपाशी असू शकते.

मांसाहारी घरात यावर उपाय सोपा आहे, पण त्याचेही काही नियम आहेत. कोंबडीच्या छातीच्या पांढऱ्या मांसापेक्षा पायाच्या गडद मांसात टॉरिन कितीतरी पट जास्त असते आणि हृदयातही ते चांगले असते, म्हणून लेगपीसचे मांस किंवा हृदय निवडावे. टॉरिन पाण्यात विरघळत असल्याने मांस उकडलेले पाणी ओतून न देता मांसाबरोबरच मांजरीला द्यावे. कलेजी थोडीच द्यावी, कारण तिच्यातील अ जीवनसत्त्वाचा अतिरेक मांजरीच्या मानेचे मणके ताठ करतो. घरच्या रश्श्यातील कांदा-लसूण मांजरीच्या रक्तपेशींना घातक असल्याने तिच्यासाठीचे मांस फोडणी घालण्यापूर्वीच बाजूला काढावे आणि शिजलेली हाडे देऊ नयेत. तलावातील मासळी देताना ती शिजवूनच द्यावी, कारण कार्प कुळातील बऱ्याच कच्च्या माशांत ब-१ जीवनसत्त्व नष्ट करणारे विकर असते आणि या जीवनसत्त्वाच्या अभावाने मांजरीची मान खाली झुकणे, तोल जाणे आणि झटके येणे अशी चेतासंस्थेची लक्षणे उद्भवतात. केवळ मांस हाही पूर्ण आहार नव्हे, कारण त्यात कॅल्शियम अपुरे असते. म्हणून कायम घरच्याच अन्नावर मांजर ठेवायची असल्यास पशुवैद्यकाच्या सल्ल्याने कॅल्शियमची जोड द्यावी.

शाकाहारी घरात मांजर पाळणाऱ्यांना हे स्वीकारावे लागते की माणसाचा आहारधर्म मांजरीच्या यकृताला लागू होत नाही. टॉरिन कारखान्यात रासायनिक रीतीने तयार होते आणि त्यासाठी प्राण्याचा वापर करावा लागत नाही, हे खरे असले तरी मांजरीला लागणारे अ जीवनसत्त्व आणि अॅराकिडोनिक आम्ल हे घटकही निसर्गतः प्राणिज अन्नातूनच मिळतात. त्यामुळे दूध-पोळीवर टॉरिनची गोळी टाकली की काम झाले, असे होत नाही. मांस शिजवणे शक्य नसेल, तर मांजरीसाठीचे परिपूर्ण तयार खाद्य हा व्यवहार्य मार्ग राहतो. कुत्र्याचे खाद्य तिला देऊ नये, कारण कुत्रा टॉरिन स्वतः बनवत असल्याने त्याच्या खाद्यात ते मांजरीच्या गरजेइतके असेलच असे नाही. टॉरिन असलेली शक्तिपेये मांजरीला कधीही देऊ नयेत, कारण त्यांतील कॅफीन तिला विषासमान ठरते.

मांजर अंधारात चाचपडत असेल, डोळ्यांच्या बाहुल्या नेहमीपेक्षा मोठ्या राहत असतील, लवकर धाप लागत असेल किंवा पिल्ले वारंवार मरत असतील, तर जवळच्या जनावरांच्या दवाखान्यात तिला दाखवून रोजचा आहार स्पष्ट सांगावा. अधिक तपासणीसाठी मराठवाड्यात परभणी आणि उदगीर येथे पशुवैद्यकीय महाविद्यालये आहेत. आहारातला हा बदल मांजर गाभण दिसेपर्यंत लांबवू नये, आणि ती गाभण किंवा दूध पाजणारी असेल तर मांसाचा अथवा योग्य खाद्याचा वाटा त्याच दिवसापासून वाढवावा, कारण पिल्लाच्या मेंदूची घडण गर्भात आणि पहिल्या काही आठवड्यांतच होते व त्या काळात राहिलेली उणीव पुढे कोणत्याही औषधाने भरून निघत नाही.